लाकडाचा हिशेब आणि जंगलाचा हिशेब

उत्तर अमेरिकेतील पंचमहासरोवरांभोवती पसरलेली पाइनची अरण्ये एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापासून विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकांपर्यंत, म्हणजे दोन-तीन पिढ्यांच्या अवधीत, जवळजवळ पूर्णपणे तोडली गेली, आणि वनविषयक लेखनात या घटनेचा उल्लेख बहुधा मानवी हव्यासाचे उदाहरण म्हणून होतो. हव्यास होता, हे नाकारण्याचे कारण नाही. परंतु केवळ हव्यासाने ही घटना उलगडत नाही, कारण ज्या उद्योगाने ही तोड केली तो बेहिशेबी नव्हता. ओंडका कोणाचा, त्यातून किती फळी निघेल, तो कोणत्या नदीतून कोणत्या गिरणीत पोहोचला, याच्या नोंदी त्याने काटेकोरपणे ठेवल्या. नोंद राहिली नाही ती मागे काय उरले आणि उरलेल्या जमिनीवर वर्षाकाठी किती वाढ होते याची. वनव्यवस्थापन हा ज्यांचा रोजचा व्यवसाय आहे, त्यांनी मिशिगन, विस्कॉन्सिन आणि मिनेसोटा या तीन राज्यांचा इतिहास याच दृष्टीने पुन्हा तपासणे अगत्याचे आहे.

या उद्योगाचा आधार असलेला व्हाइट पाइन, शास्त्रीय नावाने पायनस स्ट्रोबस, हा सरळसोट वाढणारा, हलक्या व मऊ लाकडाचा वृक्ष असून त्याचे ओंडके पाण्यावर सहज तरंगतात, आणि रेल्वे व पक्के रस्ते नसलेल्या प्रदेशात या गुणाला मोठे मोल होते. सतराव्या शतकात हे लाकूड इंग्लंडच्या आरमाराला डोलकाठ्यांसाठी हवे होते, म्हणून १६९१ च्या मॅसॅच्युसेट्सच्या सनदेने, खासगी मालकीत न गेलेल्या जमिनीवरची, बुंध्याशी चोवीस इंच वा त्याहून अधिक व्यासाची झाडे राजाच्या नावे राखून ठेवली होती. पुढे मेन राज्यातील पेनॉबस्कॉट नदीवरचे बँगॉर हे लाकडाच्या व्यापाराचे मोठे केंद्र झाले, आणि पूर्वेकडचा उत्तम पाइन विरळ होऊ लागला तसे भांडवल, कामगार व हत्यारे पश्चिमेला सरोवरांच्या प्रदेशाकडे सरकली. १८२५ साली खुल्या झालेल्या ईरी कालव्याने सरोवरांचा प्रदेश न्यूयॉर्कशी जोडला होता. दुसरीकडे शिकागोच्या पलीकडच्या वृक्षहीन गवताळ मैदानांत नव्याने वसणाऱ्या शेतकऱ्यांना घरे, गोठे आणि कुंपणे यांसाठी लाकूड लागत होते. जाड तुळया एकमेकींत बसवण्याऐवजी कमी जाडीच्या लाकडी पट्ट्या खिळ्यांनी ठोकून घराचा सांगाडा उभारण्याची ‘बलून फ्रेम’ ही पद्धत याच काळात रूढ झाली आणि तिने कापीव फळीची मागणी बेसुमार वाढवली. विस्कॉन्सिनच्या एका लोकप्रतिनिधीने १८५२ साली अमेरिकी काँग्रेससमोर आपल्या भागातील पाइन साऱ्या देशाला कायमचा पुरेल असे सांगितले, तेव्हा ते विधान कोणाला अतिशयोक्त वाटले नसावे.

ही जमीन मोकळी पडलेली नव्हती. ओजिब्वे लोकांकडून १८३६, १८३७ आणि १८४२ च्या करारांनी तिचा फार मोठा भाग अमेरिकी सरकारने घेतला. १८३७ च्या करारात त्या लोकांनी शिकार, मासेमारी व रानातील भात गोळा करण्याचे हक्क राखून ठेवले होते, आणि ते हक्क अबाधित असल्याचा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयाने मिनेसोटातील एका खटल्यात १९९९ साली दिला. सरकारकडे आलेली जमीन एकरी सव्वा डॉलर या किमान दराने विकली गेली. पाइनयुक्त जमीन शोधणारे माहितगार लोक रानात हिंडून उत्तम पट्टे हेरत आणि मालकासाठी ते विकत घेत. काही व्यापारी चाळीस एकरांचा एक तुकडा घेऊन त्याच्या चारही बाजूंची सरकारी झाडे तोडत. शिक्षणसंस्थाही या व्यवहारात होत्या. १८६२ च्या मॉरिल कायद्याने मिळालेल्या जमीनपत्रांच्या आधारे कॉर्नेल विद्यापीठासाठी विस्कॉन्सिनमध्ये सुमारे पाच लाख एकर जमीन घेतली गेली आणि तिच्या विक्रीतून विद्यापीठाचा मोठा निधी उभा राहिला. जमीन विकत घेणाऱ्यांपैकी बहुतेकांना जमीन नको होती, तिच्यावरचे झाड हवे होते. या एका गोष्टीने पुढचे बरेच काही ठरले.

तोडीचे काम हिवाळ्याचे होते. जमीन गोठली की रानातील वाटांवर पाणी शिंपडून बर्फाचे गुळगुळीत रस्ते केले जात, त्यांवरून घोडे व बैल ओंडक्यांनी लादलेल्या घसरगाड्या ओढून नदीकाठी आणत, आणि वसंतात बर्फ वितळून नद्यांना पूर आला की ते ओंडके प्रवाहात सोडले जात. उपनद्यांवर छोटे बांध घालून साठवलेले पाणी एकदम सोडण्याची व्यवस्थाही होती. एकाच नदीतून अनेक मालकांचे ओंडके वाहत येत असल्यामुळे प्रत्येक ओंडक्याच्या टोकावर मालकाची खूण हातोड्याने ठोकलेली असे, या खुणांची सरकारदरबारी नोंदणी होई, आणि नदीच्या खालच्या अंगाला साखळ्यांनी जोडलेल्या ओंडक्यांचे अडसर घालून माल अडवणाऱ्या, निवडणाऱ्या व ज्याचा त्याला पोहोचवणाऱ्या स्वतंत्र कंपन्या होत्या. मोजणीचे एकक बोर्ड फूट हे होते, म्हणजे एक फूट लांब, एक फूट रुंद व एक इंच जाड फळी. ओंडक्याचा व्यास व लांबी घेऊन त्यातून किती बोर्ड फूट निघतील हे सांगणारी स्क्रिब्नरची कोष्टके १८४६ पासून उपलब्ध होती. अशा शिस्तीच्या उद्योगात फ्रेडरिक वायरहॉयझर या जर्मनीत जन्मलेल्या गिरणीमालकाने मिसिसिपी नदीवरच्या अनेक स्पर्धकांना एका संघटनेत आणून ओंडक्यांचा पुरवठा एकत्रित केला. कामगारांच्या वाट्याला मात्र प्रदीर्घ कामाचे दिवस आले, आणि दहा तासांच्या दिवसाची मागणी करत १८८५ साली सॅगिनॉ खोऱ्यातील गिरणी कामगारांनी संप पुकारला.

आरंभीच्या काळात या तोडीला निसर्गाच्या दोन मर्यादा होत्या. नदीपासून दूरचे झाड वाहून आणणे परवडत नसे, आणि बर्फ नसेल तर रस्ता नसे. १८७० नंतर या दोन्ही मर्यादा तंत्राने काढून टाकल्या. ओंडक्यांचे एक टोक उचलून धरणाऱ्या प्रचंड चाकांच्या गाड्यांमुळे उन्हाळ्यातही ओढकाम शक्य झाले. १८७७ साली मिशिगनमध्ये विनफिल्ड स्कॉट गेरिश याने केवळ लाकडासाठी रेल्वे चालवून दाखवली. आणि इफ्रेम शे याने तयार केलेल्या, १८८१ साली पेटंट मिळालेल्या दातेरी चाकांच्या इंजिनाने चढउताराच्या, कच्च्या रुळांवरूनही माल आणता येऊ लागला. गिरणीत पट्टाकरवत आली, जिच्या पातळ पात्यामुळे भुसा कमी व फळी अधिक निघे. या प्रत्येक सुधारणेने लाकडाचा अपव्यय कमी झाला किंवा कष्ट वाचले, पण तोडीचा वेग जंगलाच्या वाढीशी बांधणारी यंत्रणा अस्तित्वात नसल्यामुळे सुधारणांचा एकत्रित परिणाम जंगल लवकर संपण्यात झाला. १८९० च्या सुमारास एकट्या मिशिगनचे वार्षिक उत्पादन पाच अब्ज बोर्ड फुटांच्या पुढे गेले, १८९२ साली विस्कॉन्सिनने चार अब्जांची पातळी ओलांडली, आणि त्यानंतर दोन्ही राज्यांची घसरण सुरू झाली.

उभ्या जंगलाची मोजदाद कोणी केलीच नाही, असेही नाही. १८८० च्या जनगणनेचा भाग म्हणून वनस्पतिशास्त्रज्ञ चार्ल्स स्प्रेग सार्जंट यांनी तिन्ही राज्यांतील शिल्लक पाइनचा अंदाज सुमारे ८० अब्ज बोर्ड फूट असा मांडला, आणि व्यापारी वर्तुळातून त्याच्यावर टीका झाली. प्रत्यक्षात पुढे त्याहून अधिक लाकूड निघाले, कारण किंमत वाढत गेली तशी पूर्वी टाकून दिली जाणारी लहान व गाठाळ झाडेही विक्रीयोग्य ठरली. अंदाज चुकला म्हणून इशाराही चुकला, असा निष्कर्ष काढणे सोयीचे होते. परंतु फिलिबर्ट रोथ यांनी १८९८ साली उत्तर विस्कॉन्सिनविषयी दिलेल्या अहवालानुसार मूळच्या सुमारे १३० अब्ज बोर्ड फूट पाइनपैकी जेमतेम १७ अब्ज शिल्लक होते, आणि नाहीशा झालेल्या लाकडाचा मोठा भाग गिरणीत न पोहोचता मुख्यतः आगीत गेला होता. विक्रीयोग्य साठ्याचा आकडा बाजारभावाबरोबर फुगतो, जंगल मात्र फुगत नाही. साठ्याचे अंदाज वापरणाऱ्या प्रत्येक वनाधिकाऱ्याने हा भेद ध्यानात ठेवावा असा आहे.

मालकांनी वाट का पाहिली नाही, याचे उत्तर स्वभावापेक्षा व्यवस्थेत अधिक सापडते. उभ्या झाडांसह जमिनीवर दरवर्षी कर बसत असे, त्यामुळे झाड राखणाऱ्याला तेच लाकूड जणू वर्षानुवर्षे पुन्हा विकत घ्यावे लागे. गिरणी व रेल्वेसाठी काढलेल्या कर्जाचे व्याज थांबत नसे. आणि शेजाऱ्याच्या तोडीतून पडलेल्या फांद्या-शेंड्यांचा कोरडा कचरा पेटला तर राखलेले झाडही जळून जाई. ही भीती काल्पनिक नव्हती. ८ ऑक्टोबर १८७१ रोजी विस्कॉन्सिनमधील पेश्टिगोच्या वणव्यात बाराशेहून अधिक माणसे मेली. १८८१ साली मिशिगनमध्ये, १ सप्टेंबर १८९४ रोजी मिनेसोटातील हिंकलीत आणि १२ ऑक्टोबर १९१८ रोजी क्लोकेटमध्ये अशाच आगींनी शेकडो बळी घेतले. वारंवारच्या आगींनी जमिनीतील बी व कोवळी रोपे जाळली, बीजवृक्ष आधीच गेलेले होते, आणि पाइनच्या जागी मुळांपासून फुटणारा ॲस्पेन वाढला.

तोडलेल्या जमिनीवर शेती होईल, अशी जाहिरात करून ती स्थलांतरितांना विकली गेली. परंतु रेताड माती आणि अल्प उन्हाळा यांमुळे अनेक शेते बुडाली, कर थकले व लाखो एकर जमीन पुन्हा सरकारकडे आली. वायरहॉयझर यांनी १९०० साली वॉशिंग्टन राज्यात नऊ लाख एकर वनजमीन विकत घेतली होती, आणि अवशेषांची जबाबदारी मागे राहणाऱ्यांवर पडली. विस्कॉन्सिनने १९२७ साली कायदा करून उभ्या झाडांवरचा वार्षिक कर नाममात्र केला व खरा कर तोडीच्या वेळी घेण्याचे ठरवले. १९३३ साली ओनायडा काउंटीने कोणत्या भागात शेती व वस्ती करू नये हे नियमाने ठरवले. त्याच सुमारास नवी राष्ट्रीय वने निर्माण झाली आणि बेरोजगार तरुणांच्या तुकड्यांनी मोठ्या प्रमाणावर लागवड केली. पुनर्लागवडीची घाईही निर्धोक नव्हती: विसाव्या शतकाच्या आरंभी युरोपातून स्वस्तात आणलेल्या रोपांबरोबर ब्लिस्टर रस्ट हा तांबेऱ्याच्या वर्गातील बुरशीरोग अमेरिकेत शिरला, त्याने व्हाइट पाइनचे अपरिमित नुकसान केले, आणि वनस्पतींच्या आयातीवर नियंत्रण आणणारा १९१२ चा कायदा होण्यास तो एक कारण ठरला.

या सर्व पडझडीत एक वन टिकले, आणि ते राखीव उद्यान म्हणून नव्हे, तर लाकूड देत टिकले. विस्कॉन्सिनमधील मेनोमिनी लोकांना १८५४ च्या कराराने मिळालेल्या, आज सुमारे २ लाख ३५ हजार एकर असलेल्या क्षेत्रात १८९० च्या कायद्याने वार्षिक तोडीवर दोन कोटी बोर्ड फुटांची मर्यादा घातली, आणि १९०८ च्या कायद्याने त्यांची स्वतःची गिरणी व निवडक तोडीचे तत्त्व आणले. हा मार्ग सरळ नव्हता: सरकारी यंत्रणेने काही भागात सरसकट तोड केली, त्याबद्दल जमातीने खटला लढवून १९५१ साली ८५ लाख डॉलर मिळवले, आणि लगेच १९५४ च्या कायद्याने तिची मान्यताच काढून घेतली गेली, जी १९७३ मध्ये परत मिळाली. तरीही १८५४ पासून दोन अब्ज बोर्ड फुटांहून अधिक लाकूड काढल्यानंतर आज तेथे उभे असलेले लाकूड तेव्हाच्यापेक्षा जास्त आहे. तेथे तोडीचे प्रमाण जंगलाच्या मोजलेल्या वाढीवरून ठरते व गिरणीने त्याप्रमाणे चालायचे असते. आणि ज्यांनी हे ठरवायचे, त्यांना जंगल संपल्यावर दुसरीकडे जाण्याची मुभा नव्हती.

भारतीय वनसेवेच्या वाचकाला यातील तत्त्व परके नाही. वर उल्लेखिलेल्या १८५२ च्या भाषणानंतर चारच वर्षांनी डिट्रिख ब्रँडिस यांनी ब्रह्मदेशातील पेगूच्या सागवनांत घेरानुसार झाडांचे वर्ग मोजले आणि खालच्या वर्गातील झाडे वरच्या वर्गात यायला जेवढी वर्षे लागतात तेवढ्या वर्षांत तोड विभागून दिली; १८६४ मध्ये ते भारताचे पहिले वन महानिरीक्षक झाले, आणि १८८९ साली युरोपात शिकायला गेलेल्या गिफर्ड पिंशो यांना, म्हणजे अमेरिकी वनसेवेच्या पहिल्या प्रमुखांना, त्यांचेच मार्गदर्शन लाभले. महाराष्ट्रात आज वनविभाग ज्या कार्य आयोजनेनुसार कूप पाडतो, तिची परंपरा तेथूनच येते. अर्थात वसाहतीच्या त्या वनव्यवस्थेने वाढीचा हिशेब ठेवला तरी स्थानिकांना त्यातून वगळले, आणि ही उणीव भरून काढण्याचा प्रयत्न २००६ च्या वनहक्क कायद्याने केला, ज्याखाली गडचिरोलीतील मेंढा-लेखाला २००९ साली सामूहिक वनहक्क मिळाला.

म्हणून या इतिहासातून व्यवसायाने घ्यायचा धडा तोड थांबवण्याचा नाही. प्रत्येक कार्य आयोजनेत आणि ग्रामसभेच्या प्रत्येक व्यवस्थापन आराखड्यात काढलेल्या मालाच्या रकान्याशेजारी मोजलेली वार्षिक वाढ, तोडीनंतर पाच व दहा वर्षांनी प्रत्यक्ष पाहिलेले पुनरुत्पादन आणि जागेवर राहिलेल्या काडीकचऱ्याची स्थिती हे तीन रकाने असले पाहिजेत, आणि ते रिकामे असतील तर पुढच्या कूपाला मंजुरी मिळू नये. सरोवरांच्या प्रदेशात पहिला रकाना निर्दोष भरला गेला होता. उरलेले तीन भरणे हे कोणाचेच काम नव्हते, आणि वनखात्याचे अस्तित्व मुळात त्याच कामासाठी आहे.