आरशातील उद्या

ऑक्सफर्ड विद्यापीठातील प्राध्यापक जे. आर. आर. टॉल्किन (१८९२–१९७३) यांच्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ या अद्भुतरम्य कादंबरीचा पहिला खंड १९५४ साली प्रसिद्ध झाला. त्यातील एक प्रकरण एका आरशाच्या नावाने ओळखले जाते. हा आरसा काचेचा नाही. लोथलोरिएन नावाच्या वनाची स्वामिनी गॅलॅड्रिएल चांदीच्या उथळ पात्रात झऱ्याचे पाणी भरते व त्यावर हलकेच फुंकर घालते. पाणी स्थिर झाले की त्यात चित्रे उमटू लागतात. घडून गेलेले, घडत असलेले आणि पुढे कदाचित घडेल असे सारे त्यात दिसते. मात्र कोणते चित्र कोणत्या काळाचे, हे शहाण्यांनाही सदैव सांगता येत नाही.

या वनात फ्रोडो आणि त्याचा सेवक सॅम येतात. जगाला गुलाम करू पाहणाऱ्या शत्रूची अंगठी नष्ट करण्याचे कठीण कार्य फ्रोडोने पत्करलेले आहे. सॅम हा साधा माळी. तो पात्रात डोकावतो, तेव्हा एका काळ्या कड्याखाली फ्रोडो निस्तेज चेहऱ्याने निजलेला दिसतो. मग आपल्या गावची झाडे तोडली जात आहेत, जुन्या गिरणीच्या जागी धूर ओकणारे धुराडे उभे आहे आणि म्हातारा बाप हातगाडीवर सामान घालून घराबाहेर पडला आहे, अशी दृश्ये सरकतात. सॅम कळवळतो; आत्ताच्या आत्ता घरी परतण्याची भाषा करू लागतो. गॅलॅड्रिएल त्याला अडवत नाही; फक्त बजावते, की काही अनर्थ ते टाळण्यासाठी वाट सोडणाऱ्यांच्या हातूनच घडतात; आरसा पाहून कृती ठरवणे धोक्याचे आहे. सॅम क्षणभर विचार करतो आणि ठरवतो: घरी जायचे, पण धन्याबरोबर, लांबच्या वाटेने.

पुढे दोन्ही चित्रे खरी ठरतात, परंतु सॅमने लावलेल्या अर्थाने नव्हे. काळ्या कड्याखाली फ्रोडो खरोखरच निपचित पडलेला आढळतो. आरशातले दृश्य आठवून सॅमला वाटते, ही झोप नव्हती, हा मृत्यूच होता. प्रत्यक्षात फ्रोडो जिवंत असतो. गावाचीही नासधूस होते. पण सॅम अर्ध्या वाटेवरून परतला असता, तर अंगठी नष्ट झाली नसती आणि गावच काय, काहीच उरले नसते. कार्य पुरे करून तो परततो, गावकऱ्यांसह गाव मुक्त करतो आणि गॅलॅड्रिएलने भेट दिलेली मूठभर माती घालून तोडलेल्या झाडांच्या जागी नवी रोपे लावतो.

याच कादंबरीत उलट उदाहरणही आहे. गोंडोर राज्याचा कारभारी डेनेथॉर याच्याजवळ दूरचे दाखवणारा एक गोल दगड असतो. दगड खोटे दाखवत नाही. पण काय दिसावे यावर शत्रूची पकड असते. काळ्या शिडांचा आरमारी ताफा नदीतून येताना पाहून डेनेथॉर सर्वनाश निश्चित मानतो आणि स्वतःची चिता पेटवतो. जखमी पुत्रालाही तो तिच्यावर ठेवू पाहतो. पुत्र इतरांमुळे वाचतो. त्या ताफ्यातून मात्र मित्रसैन्य आणि राज्याचा खरा वारसच येत असतो. चित्र खरे होते. अर्थ भयाने लावला होता.

व्यापाऱ्याला उद्याचा विचार चुकत नाही. हंगामात कोणता माल लागेल, उधारी कोणाला किती द्यावी, हे आजच ठरवावे लागते. परंतु हा अंदाज त्याच्या स्वतःच्या खतावणीतून येतो. तो पडताळता येतो, चुकला तर सुधारता येतो. भाव कोसळणार, भागीदार फसवणार, अशी भीतीतून उठलेली चित्रे पडताळता येत नाहीत. त्यांच्या आधारे शब्द मोडला, भागीदारी तोडली किंवा ठेव अडवून धरली, तर भाव कोसळो न कोसळो, पेढीची पत मात्र नक्की जाते. जो अनर्थ टाळायचा, तोच आपल्या हाताने घरात येतो.

जैन परंपरेत समवसरणातील भामंडलाचे वर्णन आहे. तीर्थंकरांच्या मागील त्या तेजोवलयात भव्य जीवांना आपले सात भव दिसतात, असे सांगितले जाते: मागील तीन, पुढील तीन आणि चालू एक. तिथे भव दिसतात ते नफा-तोट्याचा हिशेब मांडण्यासाठी नव्हे, तर संसाराची दीर्घ वाटचाल जाणून वर्तमान भव सार्थकी लावण्यासाठी. त्या सातांपैकी जीवाच्या हाती असतो तो हा चालू भवच.

सॅमनेही एवढेच केले. गावाचे चित्र त्याने विसरले नाही आणि त्याला भिऊन धन्याची साथही सोडली नाही.