रानाची नावे

अमरावतीहून परतवाड्यास आणि तेथून घाट चढून चिखलदऱ्यास जाणारा रस्ता वऱ्हाडातील पुष्कळ मुलांच्या परिचयाचा आहे. शाळांच्या सहली त्याच वाटेने जातात. गाविलगडाचे बुरूज पाहावयाचे, भीमकुंडात डोकवावयाचे आणि दिवेलागणीला घरी परतावयाचे, असा त्या सहलींचा नेहमीचा क्रम असतो. परतल्यावर मुलांना वाटेवरच्या झाडांची नावे विचारली, तर कोणी साग सांगतो, कोणी पळस सांगतो, आणि यादी तेथेच संपते. पाखरांची गतही तीच. कावळा, चिमणी, पोपट व मोर ह्यांच्यापुढे बहुतेकांची गाडी जात नाही. ह्याच मुलांना आफ्रिकेतील जिराफ आणि दक्षिण ध्रुवाकडील पेंग्विन मात्र बिनचूक ठाऊक असतात. हा मुलांचा दोष नव्हे. जी पुस्तके व जी चित्रे त्यांच्या हाती आली, त्यांत जिराफ होता आणि घराजवळचा धनेश नव्हता, एवढाच त्याचा अर्थ.

आणि तरीही घराजवळच्या धनेशाविषयी मराठीत लिहिलेलेच नाही, असे मुळीच नाही. मारुती चितमपल्ली ह्यांची पुस्तके गावोगावच्या वाचनालयांत आहेत; परंतु ती बहुधा मोठ्यांच्या कपाटात ठेवलेली असतात. ती तेथून काढून अकरा-बारा वर्षांच्या वाचकांच्या हाती दिली पाहिजेत, आणि हे काम सर्वांआधी अमरावती व अकोला ह्या जिल्ह्यांत झाले पाहिजे.

चितमपल्ली ह्यांचा जन्म ५ नोव्हेंबर १९३२ रोजी सोलापुरात झाला. घरची भाषा तेलुगू होती. झाडापाखरांचे पहिले धडे त्यांना शाळेत मिळाले नाहीत; ते आईकडून आणि मामांकडून मिळाले. कोइमतूरच्या वनमहाविद्यालयात शिक्षण घेऊन ते वनखात्यात दाखल झाले आणि १९९० साली निवृत्त होईपर्यंत त्यांचे आयुष्य रानांतच गेले. कोकणातील कर्नाळा, पूर्व विदर्भातील नवेगावबांध व नागझिरा आणि वऱ्हाडातील मेळघाट ही त्यांच्या कामाची ठिकाणे होत. २००६ साली सोलापूर येथे भरलेल्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष झाले. २०२५ साली भारत सरकारने त्यांना पद्मश्री दिली आणि त्याच वर्षी १८ जून रोजी सोलापुरातच त्यांचे निधन झाले.

‘पक्षी जाय दिगंतरा’, ‘जंगलाचं देणं’, ‘रानवाटा’, ‘रातवा’, ‘नवेगावबांधचे दिवस’ ही त्यांची पुस्तके म्हणजे निव्वळ वनखात्याच्या अधिकाऱ्याची दैनंदिनी नव्हे. त्यांत कुटुंब आहे आणि मैत्रीही आहे. ‘पक्षी जाय दिगंतरा’ हे नावच संत जनाबाईंच्या अभंगातून घेतलेले आहे. पाखरू चाऱ्यासाठी कितीही दूर गेले, तरी त्याचे चित्त घरट्यातील पिलांपाशी असते, हा त्या अभंगातील भाव. चितमपल्ली ह्यांनी तो भाव देवळात न ठेवता तळ्याकाठी नेऊन पाहिला. नवेगावबांधच्या विस्तीर्ण तलावाकाठी त्यांना माधवराव पाटलांसारख्या जाणकाराचा स्नेह लाभला. ज्यांना पुस्तकी विद्येचा गंध नव्हता असे गोंड, ढीवर, पारधी आणि कोरकू त्यांचे गुरू झाले. वनखात्याचा अधिकारी त्यांच्या चुलीशी बसून पाखराचे नाव विचारतो आणि ते लिहून घेतो, ही गोष्ट लहान नाही. रानातील माणूस साहेबाला सहसा घाबरतो; ज्याला घाबरतो त्याला तो नावे सांगत नाही.

ह्या पुस्तकांविरुद्ध एक आक्षेप घेतला जाईल. ही पुस्तके मुलांसाठी लिहिलेली नाहीत, त्यांतील भाषा जड आहे, मुलांना बोलणारा कोल्हा आणि शहाणा ससा बरा, असे कोणी म्हणेल. बोलणाऱ्या कोल्ह्याशी कोणाचेही वैर नाही. पंचतंत्रातील कोल्हा हा खरे पाहता माणूसच आहे. कोल्ह्याचे कातडे पांघरून तो राजनीती शिकवितो, आणि ती चांगली शिकवितो. परंतु ज्या मुलाने केवळ तोच कोल्हा वाचला, त्याने अद्याप कोल्हा पाहिलाच नाही. त्याच्या ओळखीत एक लबाड माणूस मात्र वाढला.

ह्या भेदाचे मोठे उदाहरण विदर्भाच्या शेजारीच आहे. नागपूरच्या उत्तरेस, आजच्या मध्य प्रदेशात, शिवनी जिल्हा आहे. रुडयार्ड किप्लिंग ह्या इंग्रज लेखकाने १८९४ साली प्रसिद्ध केलेले ‘जंगल बुक’ ह्याच शिवनीच्या टेकड्यांत घडते. लांडग्यांनी वाढविलेला मोगली साऱ्या जगातील मुलांचा मित्र झाला. किप्लिंगचा जन्म मुंबईचा; पण ही कथा त्याने अमेरिकेत बसून लिहिली, आणि शिवनीचे रान त्याने स्वतः पाहिले नव्हते, असे त्याचे चरित्रकार सांगतात. त्याची प्रतिभा थोर होती ह्यात शंका नाही. परंतु प्रतिभेने एका प्राण्यावर अन्यायही केला. पुढील वर्षी निघालेल्या दुसऱ्या भागात दख्खनेतून रानकुत्र्यांची एक टोळी येते. ती क्रूर, हलकी आणि सर्वांनी तिरस्कार करावा अशी रंगविली आहे. अखेर मोगली युक्तीने तिचा नाश घडवून आणतो आणि वाचक टाळ्या वाजवितो.

ही दख्खनेतील रानकुत्री म्हणजेच मराठीतील कोळसून होत. मेळघाटात ती आजही आहेत. तांबूस अंगाचा, झुपकेदार काळ्या शेपटीचा हा प्राणी गावातल्या कुत्र्याहून फारसा मोठा नसतो. तो एकटा दुबळा. म्हणून कळप हेच त्याचे बळ. रानात पांगलेली कोळसून शिट्टीसारखा आवाज काढून एकमेकांना हाक देतात. पिले एका मादीची असली, तरी त्यांची काळजी सारा कळप वाहतो. काही जण बिळापाशी राखणीला थांबतात. शिकारीला गेलेले परत येऊन पोटातील मांस पिलांपुढे ओकतात. पिले हिंडूफिरू लागली म्हणजे शिकारीवर पहिला हक्क त्यांचा, आणि मोठी माणसे पंगतीत मागून बसतात तशी मोठी कोळसून मागून खातात. शिकार करण्याची त्यांची रीत पाहणाऱ्याच्या अंगावर काटा आणते, हेही खरे. ते झाकून ठेवण्याचे कारण नाही. परंतु जगातील लक्षावधी मुलांना ह्या प्राण्याचा द्वेष पुस्तकाने शिकविला आणि त्याचे कुटुंब दाखविले नाही. असे असता, ज्याने रानात राहून प्राणी पाहिले त्याचे लेखन जड म्हणून बाजूस ठेवावे काय?

धनेशाचीही कथा अशीच आहे. विणीच्या दिवसांत मादी झाडाच्या ढोलीत शिरते आणि विष्ठेने व चिखलाने ढोलीचे तोंड आतून लिंपून घेते. चोच बाहेर येईल एवढीच फट ती ठेवते. पुढे कित्येक आठवडे नर वडपिंपळाची फळे आणून त्या फटीतून तिला आणि पिलांना भरवितो. त्या नराला कोणी गलोलीने पाडले, तर ढोलीतील सारे कुटुंब उपाशी पडते. हे एकदा वाचलेला मुलगा गलोल उचलताना क्षणभर तरी थांबेल. त्याला निराळा उपदेश करावा लागत नाही.

चितमपल्ली ह्यांचा सर्वांत मोठा गुण नावांचा. जेथे मराठीत शब्द नव्हता तेथे त्यांनी तो घडविला. कावळ्यांच्या वसाहतीला ‘काकागार’ आणि बगळे, करकोचे ह्यांच्या विणीच्या वसाहतीला ‘सारंगागार’ हे शब्द त्यांचेच. जेथे रानातील माणसांपाशी शब्द होता, तेथे तो त्यांनी आदराने उचलला. त्यांच्या ‘पक्षिकोशा’त एकेका पाखराची अनेक भाषांतील नावे शेजारी शेजारी नांदतात. ‘शब्दांचं धन’ हे त्यांच्या एका पुस्तकाचे नावच ह्या वृत्तीची साक्ष आहे.

नाव म्हणजे अर्धी ओळख. कोतवाल हा काळा, दुभंगलेल्या शेपटीचा लहानसा पक्षी; पण घरट्याजवळ आलेल्या कावळ्याला व घारीलाही तो पिटाळून लावतो. म्हणून भित्री पाखरे आपली घरटी त्याच्या आसऱ्याला बांधतात. ज्याने त्याला हे नाव दिले, त्याने हे सारे पाहिले असले पाहिजे. उलट सुगरणीचे नाव थोडे फसविते. वऱ्हाडात विहिरींवर झुकलेल्या बाभळींना तिची घरटी लोंबताना दिसतात. नाव बाईचे असले, तरी ते घरटे विणतो नर. मादी ते येऊन पाहते. पसंत पडले तर राहते, नाही तर निघून जाते आणि बिचारा नर पुन्हा विणू लागतो. हे कळण्यास पुस्तक पुरे नाही. विहिरीच्या काठी अर्धा तास स्वस्थ उभे राहावे लागते.

चुकीची नोंद किती महाग पडते, ह्याचा दाखला रानपिंगळा नावाच्या घुबडाने दिला आहे. ह्या पक्ष्याचा खरा नमुना १८८४ साली शेवटचा मिळाला. पुढे शंभराहून अधिक वर्षे तो कोणाला दिसला नाही. मध्यंतरी एका इंग्रज संग्राहकाने जुना नमुना चोरून, तो आपण १९१४ साली गुजरातेत मिळविला अशी खोटी चिठ्ठी त्याला लावली. शोध करणारे त्या चिठ्ठीवर विसंबून भलत्याच ठिकाणी हिंडले. पॅमेला रासमुसेन ह्या विदुषीने ती लबाडी ओळखली, आणि नोव्हेंबर १९९७ मध्ये सातपुड्याच्या पायथ्याशी, शहाद्याजवळ, तिला व तिच्या सोबत्यांना रानपिंगळा भरदिवसा झाडावर बसलेला दिसला. त्यानंतर तो मेळघाटातही आढळला. शतकभर नाहीसा मानलेला पक्षी वऱ्हाडाच्या उशालाच राहत होता.

म्हणून चितमपल्ली ह्यांची पुस्तकेही डोळे उघडे ठेवूनच वाचावयास हवीत. त्यांच्या लेखनात स्वतः पाहिलेली गोष्ट आणि रानातील वृद्धाकडून ऐकलेली समजूत पुष्कळ वेळा एकाच पानावर असतात. लोककथा म्हणून ती समजूत मोलाची असते. पण ती निरीक्षणाच्या जागी ठेवून चालणार नाही. वाचकाने हातात पेन्सिल घ्यावी. लेखकाने पाहिले ते कोणते आणि ऐकले ते कोणते, ह्याची वहीत वेगवेगळी नोंद करावी. शिक्षकांनी एवढी सवय लावली, तर जड वाटणारे पुस्तकही मुलांना हवेसे होईल. अवघड शब्दांचे भय तर व्यर्थच आहे. यंत्रांची व खेळांची दहा अवघड इंग्रजी नावे जो सहज पाठ करतो, त्याला ‘सारंगागार’ जड जाणार नाही.

हे सर्व वऱ्हाडातच आधी का व्हावे, ह्याला कारण आहे. मेळघाटाच्या रानात कोरकू लोक पिढ्यान्‌पिढ्या राहत आले. त्या रानातून वाहणाऱ्या सिपना नदीचे नाव त्यांच्याच भाषेतील. सिपना म्हणजे साग. नदीचे पाणी पिणाऱ्या शहरवासीयाला हा अर्थ ठाऊक नसतो. १९७४ साली मेळघाटात व्याघ्रप्रकल्प सुरू झाला. वाघाला निवांत रान मिळावे म्हणून पुढे आतील काही गावे पायथ्याच्या सपाटीवर वसविण्यात आली. वाघासाठी ते आवश्यक होते असे अनेक जण मानतात. स्थलांतरितांना सोसावे लागले, हेही नाकारता येत नाही. परंतु ह्या वादात एका हानीचा उल्लेख क्वचितच होतो. ज्या म्हाताऱ्याला शंभर झाडे नावाने हाक मारता येत होती, तो कपाशीच्या सपाट शेताशेजारी राहावयास आला. त्याचा नातू ती झाडे पाहत नाही. आणि न पाहिलेल्या झाडाचे नाव कोणी फार दिवस लक्षात ठेवीत नाही. कोरकू मुले आणि मराठी मुले आज एका बाकावर बसतात. एकाच्या घरी नावे आहेत, दुसऱ्याच्या हाती लेखणी आहे.

अकोल्याकडे निराळे उदाहरण घडले आहे. अकोला-वाशीम भागातील गवताळ माळांवर पावसाळ्यात तणमोर येतो. उंच गवतात नर पुन्हापुन्हा उड्या मारतो, म्हणूनच तो दिसतो. ह्या पक्ष्याची जात आता फार थोडी उरली आहे. पूर्वी फासे टाकून तणमोर धरण्यात फासेपारधी तरबेज होते. त्यांतील काही कुटुंबांनी हे फासे बाजूस ठेवले आणि तणमोरासाठी गवताचे माळ राखण्यास आरंभ केला. पाखराच्या सवयी त्यांच्याइतक्या कोणास ठाऊक असणार? वाट पाहणारा शिकारी आणि वाट पाहणारा राखणदार ह्यांचे ज्ञान एकच असते.

हे ज्ञान वर्गात आणण्यास फार खर्च लागत नाही. अमरावतीच्या मुलांना वडाळी व छत्री हे तलाव जवळ आहेत. अकोल्याच्या मुलांना कापशीचा तलाव आहे. हिवाळ्यात परदेशची बदके तेथे उतरतात. शाळेने एक जाड वही घ्यावी आणि तिच्या पानांवर चार रकाने आखावेत. पहिल्यात पाखराचे ‘पक्षिकोशा’तील नाव, दुसऱ्यात आजीच्या तोंडचे वऱ्हाडी नाव, तिसऱ्यात बाकावरील कोरकू किंवा पारधी मित्राच्या घरचे नाव, आणि चौथ्यात ते पाखरू कोणी, कोठे व कोणत्या दिवशी पाहिले, ही नोंद. चौथा रकाना कोरा असेल, तर तेवढी ओळ पेन्सिलीनेच लिहावी.