शब्द बदलले, धोका तसाच

‘ऑनलाइन सिनेमे सुरक्षितपणे कसे पाहावेत’ यावरचे चार-पाच लेख शेजारी ठेवून वाचा. मुद्दे तेच, क्रमही तोच. एकाने ‘सुरक्षित’ लिहिलंय, दुसऱ्याने ‘निर्धोक’, तिसऱ्याने ‘बिनधास्त’. दुसऱ्याचा मजकूर उचलायचा, समानार्थी शब्द घालणाऱ्या सॉफ्टवेअरमधून काढायचा आणि आपल्या नावाने टाकायचा, असा हा धंदा आहे. नक्कल सर्च इंजिनच्या लक्षात येऊ नये आणि जाहिरातींचे पैसे मिळावेत, एवढ्यासाठी ही खटपट.

मी सॉफ्टवेअर इंजिनिअर आहे. माझा आक्षेप नुसत्या चोरीवर नाही. सुरक्षेच्या सूचनेतला शब्द बदलला की सूचनाच बदलते. मूळ लेख म्हणतो, ‘अधिकृत ॲपच वापरा.’ पहिल्या फेरीत ‘अधिकृत’चं ‘मान्यताप्राप्त’ होतं, दुसऱ्या फेरीत ‘नामांकित’, तिसऱ्या फेरीत ‘लोकप्रिय’. आणि लोकप्रिय काय असतं? व्हॉट्सॲप ग्रुपवर फिरणारी, नवा सिनेमा फुकट दाखवणारी एपीके फाइल! सावध करायला लिहिलेल्या लेखाने वाचकाला तिथेच नेऊन सोडलं.

‘ॲक्सेसिबिलिटी’ची परवानगी घ्या. अँड्रॉइडवर ती मिळालेलं ॲप स्क्रीनवरचं वाचू शकतं, तुमच्या वतीने बटणंही दाबू शकतं. बँक खाती लुटणारी अनेक मालवेअर तिचाच गैरफायदा घेतात. लेखात तिची ‘सोय’ झाली, तर वाचक सेटिंगमध्ये काय शोधणार आणि काय बंद करणार?

शिवाय शब्द बदलल्याने शिळी माहिती ताजी होत नाही. ‘कुलूप दिसलं की साइट सुरक्षित’ हे अजून फिरतंय. ते कुलूप फक्त कनेक्शन एन्क्रिप्टेड असल्याचं सांगायचं. पलीकडे साव आहे की चोर, हे नाही. लोकांचा हाच गैरसमज होतो म्हणून गूगलने २०२३ मध्ये डेस्कटॉपवरच्या क्रोममधून ते चिन्ह बदललं. हे लेख मात्र तिथेच अडकलेत.

कुणी म्हणेल, ‘भाई, घरबसल्या चार पैसे मिळतात, बिघडलं कुठे?’ रोजगाराची गरज मला कळते. पण ज्याला दोन-तीन भाषा येतात, त्याने हे हमालीचं काम का करावं? ॲप स्वतः उघडा. ते कुठून उतरवलं, कोणत्या परवानग्या मागतं, ते तपासा. मग आपल्या खालाला समजेल अशा मराठीत किंवा उर्दूत लिहा. फोनच्या स्क्रीनवर जो शब्द दिसतो तोच ठेवा, शोभेसाठी बदलू नका.

कारण तो लेख वाचून खालाचं खातं रिकामं झालं, तर १९३० या सायबर हेल्पलाइनवर फोन तिलाच करावा लागेल. शब्द बदलणारा तेव्हा पुढचा लेख फिरवत बसलेला असेल.