काउंटेसबाईंची होडी

आपल्याकडे साठीशांत झाली, की माणसाने हळू चालावे, हळू बोलावे आणि शक्यतो कुणाच्या वाटेत येऊ नये असा रिवाज आहे. बायकांना तर साठीपर्यंत थांबण्याचीही मुभा नसते. म्हणूनच ॲरनच्या काउंटेस, फिओना गोर, या बाईंचे मला मोठे अप्रूप वाटते. 1980 साली, बासष्टीच्या या बाईंनी इंग्लंडातील विंडरमिअर सरोवरावर आपली शर्यतीची मोटारबोट ताशी 103 मैल वेगाने पळवली!

बाईंचे माहेर स्कॉटलंडातले, लॉक लोमंड सरोवराच्या काठचे. वडील तिथले मोठे जमीनदार. 1932 च्या जुलैत त्याच सरोवरावर के डॉन नावाच्या गृहस्थाने ताशी 119.81 मैलांचा जागतिक विक्रम केला, तेव्हा ही मुलगी जेमतेम चौदाची. 1937 साली लग्न झाले. यजमान पुढे अर्ल झाले. तेही वल्लीच! घरात बॅजर पाळायचे आणि सरदारांच्या सभागृहात बॅजरांच्या रक्षणाचे विधेयक मांडायचे. अशा घरात बायकोने मोटारबोट हाकली तर नवल ते काय?

पण विंडरमिअरचे पाणी साधे नव्हे. 1930 साली तिथेच सर हेन्री सेग्रेव्ह यांनी ताशी 98.76 मैलांचा विक्रम केला आणि त्याच दिवशी, पुढच्या फेरीत, बोट उलटून ते गेले. पाण्यातला ओंडका आदळला असावा, असा तर्क आहे. एवढ्या वेगात बोट पाण्यात राहतच नाही, पाण्यावर जेमतेम टेकते. नाकाखाली वारा शिरला की ती उलटलीच, आणि मग पाणी दगडासारखे लागते. डोनाल्ड कॅम्बेल 1967 साली जवळच्याच कॉनिस्टन सरोवरावर असेच गेले.

हे सारे बाईंना ठाऊक नव्हते, असे थोडेच? सेग्रेव्ह गेल्यानंतर पन्नास वर्षांनी, त्याच पाण्यावर, त्यांनी त्यांचा तो आकडा मागे टाकला. त्या वर्षीचा सेग्रेव्ह यांच्या नावाचा करंडकही बाईंनाच मिळाला. वर्तमानपत्रांनी मात्र बिरुद दिले, ‘पाण्यावरची सर्वांत वेगवान आजी’! कौतुकच ते, पण मला जरा खटकते. पुरुषाने केले तर शौर्य, आजीने केले तर गंमत! त्यांच्या बोटीचे नाव होते ‘स्कीन डू’. स्कॉच लोक पायमोज्यात खोचतात तो सुरा.

नातवंडांच्या आग्रहाने आता तरी घरी बसतील, असे वाटेल. छे! 1989 साली, एकाहत्तराव्या वर्षी, बाई विजेवर चालणाऱ्या बोटीत बसल्या आणि नॉटिंगहॅमजवळच्या तलावात ताशी 50.825 मैलांचा विक्रम करून आल्या. बॅटऱ्यांचे ओझे वाहून पाण्यावर असा वेग गाठणे त्या काळी सोपे नव्हते. त्या बोटीचे गेलिक नाव ‘अन् स्ट्राडाग’, म्हणजे ठिणगी.

2013 साली बाई वारल्या. चौऱ्याण्णव वर्षांच्या होत्या.