दोन्ही हिल्डेगार्ड

ऑक्टोबर १९४६ मधल्या दोन घटना शेजारी ठेवून पाहायला हव्यात. त्या महिन्यात सोव्हिएत अधिकाऱ्यांनी एवाल्ड फॉन डेमांडोव्स्की या माणसाला बर्लिनमध्ये गोळ्या घातल्या. नाझी राजवटीतला हा चित्रपटखात्यातला बडा अधिकारी, टोबिस या निर्मितीसंस्थेचा प्रमुख. त्याच महिन्याच्या १५ तारखेला, त्याच शहरात, ‘खुनी आपल्यातच आहेत’ अशा नावाचा युद्धोत्तर जर्मनीचा पहिला चित्रपट पडद्यावर आला. त्यात छळछावणीतून सुटून आलेल्या सुझानची भूमिका करणारी वीस वर्षांची नटी युद्ध संपेपर्यंत याच डेमांडोव्स्कीची प्रेयसी होती. ती नटी म्हणजे हिल्डेगार्ड क्नेफ. २८ डिसेंबर २०२५ रोजी त्यांच्या जन्माला शंभर वर्षे पूर्ण झाली.

जन्म उल्मचा, पण त्या वाढल्या बर्लिनमध्ये. वडील त्या तान्ह्या असतानाच गेले. अभिनयाचे धडे मिळाले ते उफा या चित्रपटसंस्थेच्या बाबेल्सबर्गमधल्या शाळेत, म्हणजे नाझी प्रचारमंत्री गोबेल्सच्या हाताखालच्या चित्रपटसृष्टीत. १९४५ च्या वसंतात बर्लिन पडू लागले, तेव्हा या मुलीने सैनिकाचा गणवेश चढवला, डेमांडोव्स्कीबरोबर लढाईच्या धुमाळीत उतरली आणि युद्धकैदी झाली.

वर्षभरात तीच मुलगी वोल्फगांग श्टाउटे यांच्या चित्रपटात खच्चून भरलेल्या आगगाडीतून उतरून मोडक्यातोडक्या बर्लिनमध्ये शिरते. तिच्या जुन्या घरात आता दारूत बुडालेला एक शल्यविशारद राहतो आहे. खिडक्यांच्या काचा फुटल्यात, तिथे क्ष-किरणांच्या फिल्म लावल्या आहेत. सुझान काही बोलत नाही, घर झाडायला घेते. छावणीतून आलेल्या बाईचा चेहरा इतका नितळ, इतका तुकतुकीत कसा, हा आक्षेप या भूमिकेवर घेतला जातो आणि तो रास्त आहे. पण तो एकट्या क्नेफ यांच्या माथी मारता येणार नाही. हरलेल्या देशाला असाच चेहरा हवा होता: सगळे सोसलेला, तरीही कुणाकडे बोट न दाखवणारा.

याच देशाने पाच वर्षांनी त्यांच्यावर दगड उचलला. व्हिली फोर्स्ट यांच्या ‘डी झ्युंडरिन’, म्हणजे ‘पापिणी’ या १९५१ च्या चित्रपटात क्नेफ काही क्षण विवस्त्र दिसतात. चित्रकार प्रियकराच्या उपचारांसाठी शरीरविक्रय करणारी, शेवटी त्याला विष देऊन स्वतःही मरणारी ही नायिका. कोलोनचे कार्डिनल फ्रिंग्स यांनी जाहीर निषेध केला, चित्रपटगृहांत दुर्गंधीचे गोळे फुटले, गावोगावी बंदी आली. लाखो लोकांनी चित्रपट पाहिला, हेही खरेच. १९५४ मध्ये संघीय प्रशासकीय न्यायालयाने चित्रपट ही कला आहे, तिला संविधानाचे संरक्षण आहे, असा निर्वाळा दिला. आउशविट्झ होऊन इतकी थोडी वर्षे लोटलेली असताना लोकांनी एवढ्याशा गोष्टीवरून एवढे काहूर माजवावे, याचे क्नेफ यांना आयुष्यभर नवल वाटत राहिले. हे नवल आम्हाला त्यांच्या कोणत्याही भूमिकेहून मोलाचे वाटते. नैतिकतेचा एवढा पुळका आलेल्या समाजाला ते नवल आतून झोंबणारे होते.

त्याआधी हॉलिवूडमध्ये निर्माता सेल्झनिकने नाव बदला, स्वतःला ऑस्ट्रियन म्हणवा, असे सुचवले. त्यांनी नकार दिला. पुढे ‘क्नेफ’चे ‘नेफ’ झाले, तेवढीच तडजोड. कोल पोर्टर यांच्या ‘सिल्क स्टॉकिंग्ज’चे ब्रॉडवेवर ४७८ प्रयोग झाले, त्यात नायिका त्याच होत्या. साठच्या दशकात त्या गायिका झाल्या. आवाज खर्जातला, सिगारेटने खरबरीत झालेला, पण प्रत्येक शब्द जणू ऐकणाऱ्याच्या कानाशी येऊन उच्चारलेला. शब्दही अनेकदा त्यांचेच.

आणि मग लेखणी. १९७० मध्ये आलेले ‘डेर गेशेंक्टे गाउल’ हे आत्मचरित्र देशोदेशी खपले. १९७५ मध्ये ‘डास उर्टाइल’ आले, स्वतःच्या स्तनाच्या कर्करोगावरचे. बायका हा आजार घरच्यांपासूनही दडवत, त्या काळात एका तारकेने शस्त्रक्रिया, भीती, डॉक्टरांची वागणूक सारे छापून टाकले. अनेकांना तो आगाऊपणा वाटला. आम्हाला ते त्यांचे सर्वांत धाडसी काम वाटते.

१ फेब्रुवारी २००२ रोजी बर्लिनमध्ये त्यांचे निधन झाले. शताब्दीच्या निमित्ताने सत्य बोलणारी बाई म्हणून त्यांचा गौरव झाला, तो योग्यच होता. पण याच बाईने आत्मचरित्रात डेमांडोव्स्कीचा उल्लेख आद्याक्षरांवर भागवला. त्या वेळच्या एकोणीस वर्षांच्या मुलीचे वय लक्षात घेतले, तरी तो कोण होता हे ठाऊक नसण्याइतकी ती भाबडी नव्हती. गौरवाच्या लेखांतून हा भाग गाळला, तर सुझानच्या नितळ चेहऱ्यामागे जे लपले होते, ते आपण पुन्हा एकदा लपवू. ज्यांना क्नेफ समजून घ्यायच्या आहेत, त्यांनी १९४६ चा तो चित्रपट आणि १९७५ चे ते पुस्तक, दोन्ही जवळ करावे. एकावर थांबू नये.