बाहेरची सभासद



आपल्यापैकी अनेकींना कॉलेजचं किंवा विद्यापीठाचं ते पत्र आलेलं आहे. अंतर्गत तक्रार समितीवर बाह्य सदस्य म्हणून नेमणूक झाल्याचं. मग वर्षातून एखादी बैठक, चहा-बिस्किटं, 'या वर्षी एकही तक्रार नाही' असा अहवाल आणि त्याखाली आपली सही. तक्रार नाही म्हणजे सगळं आलबेल, असं प्राचार्य समाधानाने सांगतात. पण ज्या घरातली बाई कधीच तोंड उघडत नाही, त्या घरात छळ नाही असं आपण मानतो का? मग इथे सही का करतो?

ही खुर्ची कुणी मेहेरबानीने दिलेली नाही. राजस्थानातल्या साथिन भंवरीदेवी यांनी बालविवाह रोखण्याचा प्रयत्न केला आणि १९९२ मध्ये त्यांच्यावर सामूहिक बलात्कार झाला. स्त्रीसंघटना सर्वोच्च न्यायालयात गेल्या. १९९७ च्या 'विशाखा' निकालाने सांगितलं की वरिष्ठांचा दबाव येऊ नये म्हणून तक्रार समितीत बाहेरची संस्था हवी. २०१३ चा कायदा आणि उच्च शिक्षणसंस्थांसाठीची यूजीसीची २०१५ ची नियमावली याच पायावर उभी आहे. दबाव रोखण्यासाठी जिला बसवलं, तीच गप्प राहिली तर समितीत उरलं काय?

ही नियमावली आपण नीट वाचली आहे का? कुलगुरू, कुलसचिव, विभागप्रमुख अशा अधिकारपदावरच्या व्यक्ती समितीवर असू नयेत, असं ती म्हणते. विद्यार्थ्यांशी संबंधित प्रकरणात तीन विद्यार्थी-प्रतिनिधी हवेत, तेही निवडून आलेले, सरांच्या मर्जीतले नव्हेत. सुरक्षिततेचं कारण पुढे करून मुलींच्या वसतिगृहाला मुलांच्या वसतिगृहापेक्षा वेगळे, जाचक नियम लावू नयेत, हेही तिथे लिहिलेलं आहे. तरी मुलींचं फाटक संध्याकाळी बंद होतं आणि मुलांची अभ्यासिका रात्रभर उघडी राहते. उशीर झालेल्या मुलीच्या घरी रेक्टर फोन करतात. अशी मुलगी छळाची तक्रार कशी करेल? तक्रार केली तर शिक्षणच बंद होईल, ही तिची भीती खोटी नाही.

शिवाय अपमान एकाच वाटेने येत नाही. मे २०१९ मध्ये मुंबईत डॉ. पायल तडवी या आदिवासी पदव्युत्तर विद्यार्थिनीने आत्महत्या केली. वरिष्ठ सहकारी डॉक्टरांनी जातीवरून छळ केल्याचा आरोप तिच्या घरच्यांनी केला. आरोप होता तो बायकांवरच. 'आपण साऱ्या बहिणी' म्हणणाऱ्या आपल्या चळवळीने या गोष्टीकडे पाठ फिरवू नये. समान संधी कक्ष आणि भेदभावविरोधी अधिकारी नेमण्याचे यूजीसीचे नियम २०१२ मध्येच झाले होते. तरीही आबेदा तडवी आणि रोहित वेमुलाची आई राधिका वेमुला या दोन आयांना २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाचं दार ठोठवावं लागलं. नियम होते, ते राबवा म्हणून सांगायला आयांना जावं लागलं.

म्हणून पुढच्या बैठकीला जाताना थोडं लवकर जाऊ या. आधी वसतिगृहात मुलींशी बोलू, रेक्टर समोर नसताना. कंत्राटी सफाई कामगार बाईला आणि तासिका तत्त्वावर शिकवणाऱ्या प्राध्यापिकेला विचारू, समिती आहे हे तुम्हाला ठाऊक आहे का? पारलिंगी विद्यार्थी कुठल्या खोलीत राहतात, कुठलं स्वच्छतागृह वापरतात? समितीचा फलक कुठे आहे, आणि तो मराठीत आहे का? ही उत्तरं अहवालात लिहायला लावू. लिहिली नाहीत, तर आपलं वेगळं मत नोंदवू, मगच सही.

पुढचं पत्र कदाचित येणार नाही. गैरसोयीची बाई कुणालाच नको असते, हे आपल्याला नवीन नाही. पण एखाद्या मुलीला तरी कळेल की त्या खोलीत आपल्या बाजूने विचारणारं कुणी होतं.

तुम्ही अशा समितीवर असाल तर तुमचे अनुभव जरूर लिहून पाठवा. फसलेलेही पाठवा.

– संपादक मंडळ