गावात न्यायालय, न्याय परगावी

करार म्हणजे करार; तो करणाऱ्यांतला एक सिंह आणि दुसरा ससा असला म्हणून काय झाले, अशा आशयाची भूमिका सर्वोच्च न्यायालयाने ८ एप्रिल २०२५ च्या निकालात घेतली. पाटणा आणि दिल्लीच्या दोन बँक कर्मचाऱ्यांनी बडतर्फीविरुद्ध दाद मागायची तर मुंबईतच, कारण नोकरीच्या करारात तशी अट होती. निकाल प्रचलित कायद्याला धरून आहे. आमचा आक्षेप त्या कायद्यालाच आहे. सशाने सही केली हे खरे; पण करारातला शब्द न् शब्द सिंहाने लिहिला, हेही तितकेच खरे.

घरातले एखादे बिल काढून पाहा. तळाशी मुंगीएवढ्या अक्षरांत ‘सब्जेक्ट टू मुंबई ज्युरिस्डिक्शन’ छापलेले असते. हीच ओळ मोठ्या करारांच्या शेवटच्या पानावर बसते; शहर तेवढे बदलते. एजन्सी हवी, कर्ज हवे, नोकरी हवी, तर छापील कागद जसाच्या तसा मान्य करायचा. १९७१ च्या हकम सिंग प्रकरणापासून न्यायालये सांगत आली, की दोन ठिकाणी दावा चालू शकत असेल तर पक्षकारांनी त्यांपैकी एक निवडावे. २०१३ मध्ये स्वस्तिक गॅसेस प्रकरणात त्यापुढे जाऊन ठरले, की ‘फक्त’ हा शब्द नसला तरी एका शहराचे नाव लिहिले म्हणजे बाकीची वगळली. याला निवड म्हणायचे? निवडतो एकटा कंपनीचा वकील. बळी तो कान पिळी, एवढाच याचा अर्थ.

ट्रेडमार्कच्या वादात तर कराराचीही गरज नाही. १९९९ च्या कायद्याचे कलम १३४ मार्कच्या मालकाला, तो जिथे राहतो किंवा धंदा करतो तिथे, दावा लावू देते. नकली मालामागे त्याला गावोगाव फिरावे लागू नये, हा हेतू रास्त होता. पण ज्याच्या शाखा देशभर आहेत त्याला हे मोकळे रान मिळाले. २०१५ मध्ये संजय दालिया प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने लगाम घातला: मुख्य कार्यालयाच्याच गावी वादाचे कारण घडले असेल तर दावा तिथेच लावा, प्रतिवादीला दूरच्या शाखेच्या गावी ओढू नका. मात्र आदल्याच वर्षी दिल्ली उच्च न्यायालयाने, वेबसाइटवरून दिल्लीच्या ग्राहकाला माल विकला जातो एवढ्यावर कंपनीचा धंदा दिल्लीत चालतो असे मानले होते. ऑनलाइन विक्रीच्या काळात ही फट केवढी रुंद झाली असेल!

सांगलीतला एखादा छोटा मसालेवाला डोळ्यांपुढे आणा. डंकाची धडधड चालू असताना दिल्लीच्या न्यायालयाने नेमलेला कमिशनर दारात येतो. सोबत कंपनीचे वकील आणि पोलीस. पाकिटे मोजून पोत्यांत भरली जातात, पोत्यांना सील लागते, कागदावर सही घेतली जाते. मनाई हुकूम एकतर्फी, याच्या पाठीमागे झालेला. पुढची तारीख दिल्लीत. तिकडचा वकील, गाडीभाडे, बंद राहिलेले दुकान यांचा हिशेब तो रात्री मांडतो आणि तडजोडीवर सही करून मोकळा होतो. नाव आजोबांच्या काळापासूनचे असेल, पण ते सांगायला तो न्यायाधीशांपुढे पोहोचतच नाही.

याउलट पुण्यात ‘बर्गर किंग’ नावावरून अमेरिकन कंपनीने २०११ मध्ये दावा लावला तो पुण्यातच. १९९२ पासून त्या नावाने चालणाऱ्या स्थानिक उपाहारगृहाने गावातच बाजू मांडली आणि जुलै २०२४ मध्ये जिल्हा न्यायालयात यश मिळवले. पुढच्या न्यायालयांत काय व्हायचे ते होवो. तेरा वर्षे उभे राहता आले ते न्यायालय हाकेच्या अंतरावर होते म्हणून.

एकाच शहरात खटले चालले की कंपन्यांना निश्चिती मिळते, असा युक्तिवाद होतो. ती निश्चिती दुसऱ्याच्या खिशातून का? आणि कायद्याला दुसरी वाट ठाऊक नाही असेही नाही. २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्याने ग्राहकाला राहत्या गावी तक्रारीचा हक्क दिला. २००६ च्या लघुउद्योग कायद्याने थकलेल्या बिलाची तक्रार पुरवठादाराच्या भागातल्या परिषदेकडे नेण्याची सोय केली, मग खरेदीदार देशात कुठेही असो. हीच दृष्टी छोटा वितरक, कर्मचारी, ट्रेडमार्कचा छोटा प्रतिवादी यांना का नाही?

चार दशकांच्या लढ्यानंतर ऑगस्ट २०२५ मध्ये कोल्हापुरात उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाले. सहा जिल्ह्यांच्या दारी न्याय आला म्हणून गुलाल उधळला गेला. तीन लाखांपासूनचे व्यापारी वाद व्यावसायिक न्यायालयात चालावेत, ही तरतूदही २०१८ पासून आहे. पण करारातली एक ओळ हे सारे पुसून टाकत असेल, तर दारात आलेल्या न्यायाचा उपयोग काय? संसदेने दुरुस्ती करावी: एका बाजूने लिहिलेल्या छापील करारात दुबळ्या पक्षाला त्याच्या गावचे न्यायालय नाकारता येणार नाही, आणि ट्रेडमार्कचा दावा प्रतिवादीचा माल खरोखर जिथे तयार होतो वा विकला जातो तिथेच लावावा लागेल. तोवर व्यापारी संघटनांनी सभासदांचे करार एकत्रितपणे तपासावेत. आणि वाचकांनी सही करण्यापूर्वी शेवटचे पान वाचावे. परगावच्या न्यायालयाची ओळ दिसली, तर ती खोडायला सांगावे.